सोनं नसलेल्या डोंगरातली ‘गोल्ड रश’ : बीडचा बालाघाट एका दिवसात कसा पाहायचा?

बीड जिल्हा म्हटलं की बातम्यांमधून तीनच गोष्टी समोर येतात. दुष्काळ, ऊसतोड आणि राजकारण. फिरायला जायचं म्हणून बीडचं नाव कुणी काढत नाही. लोक परळीला जातात ते ज्योतिर्लिंग म्हणून, अंबाजोगाईला जातात ते कुलदेवता म्हणून. ओटी भरतात, अभिषेक करतात आणि संध्याकाळच्या गाडीने परत फिरतात. मधला डोंगर गाडीच्या काचेतून नुसताच मागे पळतो.

तो डोंगर म्हणजे बालाघाट. याच डोंगरात आणि त्याच्या अंगाखांद्यावरच्या गावांत एक पूर्ण दिवस घालवता येतो. फक्त सोबत माहितगार माणूस हवा. तो नसेल, तर इथला धबधबा हा एक धबधबा, विहीर ही एक विहीर आणि किल्ला म्हणजे पडकी भिंत. तो असेल, तर चारशे-आठशे वर्षांची एक सलग गोष्ट उलगडते. पैसा या डोंगरात कसा आला, कुणाच्या हाती गेला आणि गेल्यावर मागे काय उरलं, ही ती गोष्ट.

जगात अशा सहलींचा मोठा धंदा आहे. अलास्कातलं स्कॅग्वे हे गाव घ्या. १८९६ साली कॅनडातल्या क्लोंडाइक भागात सोनं सापडलं आणि हजारो माणसं स्कॅग्वेवरून डोंगर ओलांडून तिकडे धावली. त्यांच्यासाठी १८९८ ते १९०० या काळात डोंगर फोडून ‘व्हाइट पास अँड युकॉन रूट’ ही रेल्वे बांधली गेली. सोन्याची लाट ओसरली, रेल्वे इतर खाणींचा माल वाहत राहिली आणि त्याही खाणी बंद पडल्यावर १९८२ मध्ये थांबली. १९८८ मध्ये तीच रेल्वे पुन्हा सुरू झाली, ती पर्यटकांसाठी. आज लोक पैसे मोजून त्या गाडीत बसतात, कडे आणि दऱ्या पाहतात आणि हा डोंगर चढताना किती माणसं आणि घोडे मेले ते ऐकतात. ऑस्ट्रेलियातल्या बॅलरॅटमध्ये १९७० साली ‘सॉव्हरिन हिल’ नावाचं अख्खं गाव उभं केलं गेलं. तिथे १८५० च्या दशकातल्या वेशात माणसं वावरतात आणि मुलं ओढ्याच्या वाळूतून सोन्याचे कण चाळतात.

म्हणजे सोनं संपलं, पण त्याची गोष्ट विकता आली. भारतात मात्र हे जमलं नाही. कोलार गोल्ड फील्ड्सच्या खाणी तीन किलोमीटरहून खोल गेल्या होत्या. २००१ साली त्या बंद झाल्या आणि मागे राहिले ते सायनाइडयुक्त मातीचे ढिगारे आणि कामाच्या शोधात रोज पहाटेच्या गाडीने बंगळुरूला जाणारी माणसं.

आता मुद्दा बीडचा.

बालाघाटात सोनं का नाही?

उत्तर पायाखालीच आहे. बालाघाट हा पूर्ण काळ्या पाषाणाचा, म्हणजे बेसॉल्टचा डोंगर. साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीला पडलेल्या भेगांतून लाव्हा वाहिला, थरावर थर साचले आणि दख्खनचं पठार तयार झालं. घाटातून जाताना डोंगराच्या अंगावर पायऱ्यांसारखे जे टप्पे दिसतात, ते या थरांचेच. दक्षिण भारतातलं सोनं सापडतं ते याहून कितीतरी जुन्या, अब्जावधी वर्षांपूर्वीच्या खडकांत. कोलार तसल्या खडकात आहे. रायचूर जिल्ह्यातली हट्टीची खाणही तसल्याच खडकात आहे. गंमत म्हणजे हट्टी आणि बीड ही दोन्ही ठिकाणं १९४८ पर्यंत निजामाच्या एकाच हैदराबाद संस्थानात होती. एका टोकाला सोनं, दुसऱ्या टोकाला काळा दगड.

पण हा दगड एक काम करतो. त्याच्या कुजलेल्या, सच्छिद्र थरांत आणि भेगांत पावसाचं पाणी साठतं. दोन थरांच्या सांध्यातून ते झऱ्यासारखं बाहेर पडतं. जिथे असा सांधा उघडा पडला तिथे तीर्थ झालं, जिथे माणसाने तो शोधून काढला तिथे विहीर झाली आणि जिथे यातलं काहीच नव्हतं तिथून माणसं ऊसतोडीला गेली. बीडमध्ये माणसं धावली आहेत ती पाण्यामागे आणि पाण्याच्या आधाराने आलेल्या पैशामागे. सहलीचा रस्ता आखायचा तो याच धाग्याने.

खजिना विहिरीत गेला

सुरुवात बीड शहरातून करावी. सकाळी लवकर कंकालेश्वर पाहून घ्यावा. पाण्याने वेढलेलं हे दगडी मंदिर चालुक्यकालीन शैलीचं आहे आणि सकाळच्या उन्हात तिथे गर्दी नसते. मग सोलापूर रस्त्याला लागायचं. सहा-सात किलोमीटरवर खजाना विहीर येते. बोर्ड चुकला तर गाडी सहज पुढे निघून जाते, इतकी ती बाहेरून साधी आहे.

ही विहीर १५८० च्या दशकातली. अहमदनगरच्या निजामशाहीत मुर्तजा निजामशहाच्या काळात सलाबतखानाने ती बांधवून घेतली. काम पाहणारा स्थापत्यकार राजा भास्कर असल्याचं सांगतात. विहीर खोल म्हणावी तर फार खोल नाही, पण घेर मोठा आहे आणि आत उतरायला पायऱ्या आहेत. खरी करामत डोळ्यांना दिसत नाही. विहिरीला तीन भुयारं आहेत. दोन भुयारांतून पाणी आत येतं आणि तिसऱ्यातून ते बाहेर, खालच्या शेतांकडे जातं. मोट नाही, पंप नाही. जमिनीच्या उताराचा अंदाज घेऊन पाणी आपल्या वजनाने वाहतं. अशी भुयारी पाणी-व्यवस्था इराणपासून बिदर, बऱ्हाणपूर, औरंगाबादपर्यंत आढळते. बीडचं वैशिष्ट्य असं, की तिचं टोक शहराच्या हौदात नसून शेतात आहे.

नावामागची गोष्ट गाइडकडून ऐकण्यासारखी आहे. सरकारी खजिन्यातला पैसा या कामावर खर्ची पडला, वरून हिशेब मागितला गेला, तेव्हा खजिना विहिरीत ठेवला आहे असं उत्तर दिलं गेलं, अशी आख्यायिका आहे. तिला कागदाचा आधार किती हा वेगळा प्रश्न. पण गोष्ट शोभून दिसते, कारण १९७२ च्या दुष्काळातही या विहिरीने दगा दिला नाही असं आसपासचे लोक सांगतात. चांगला गाइड आख्यायिका ही आख्यायिका म्हणूनच सांगतो आणि मग भुयाराच्या तोंडाशी नेऊन पाणी कुठून येतं ते दाखवतो. वाईट गाइड फक्त पहिला भाग सांगतो.

इथून थोडं पुढे पालीजवळ बिंदुसरा धरण आहे. पावसाळ्यात भरून सांडव्यावरून पाणी पडायला लागलं की अर्धं बीड तिथे लोटतं. उन्हाळ्यात तळ दिसतो. एका जागी हे दोन्ही ऋतू कल्पनेत बघता आले, की पुढचा सगळा रस्ता कळायला सोपा जातो.

घाट, धबधबा आणि दोन वाटा

पुढे मांजरसुंब्याचा घाट. फार उंच नाही, वळणंही सह्याद्रीसारखी जीवघेणी नाहीत. पण खालचा गोदावरीच्या बाजूचा सपाट मुलूख आणि वरचं पठार यातला फरक घाट चढल्याबरोबर जाणवतो. हवा बदलते, माती बदलते, पिकं बदलतात. बीड जिल्ह्याचे हे दोन वेगळे भाग आहेत. खाली गंगथडी, वर बालाघाट. गोदावरीला इथे गंगाच म्हणतात.

हा डोंगर पाणलोटाची रेघही आहे. उत्तर उताराला पडलेला पाऊस बिंदुसरेतून सिंदफणेत आणि माजलगाव तालुक्यात गोदावरीत पोचतो. दक्षिण उताराचं पाणी मांजरेला मिळतं. मांजरा पाटोदा तालुक्यात गवळवाडीजवळ उगम पावते, धाराशिव, लातूर, कर्नाटकातलं बिदर आणि तेलंगण असा सव्वासातशे किलोमीटरचा वळसा घालते आणि शेवटी कंदकुर्तीला त्याच गोदावरीला मिळते. एकाच ढगातून पडलेले दोन थेंब एका नदीत पोचतात, फक्त एकाला तीन राज्यं फिरावी लागतात.

मांजरसुंब्याच्या अलीकडे कपिलधारला फाटा आहे. दरीत उतरल्यावर धबधबा आणि त्याच्या जवळ संत मन्मथस्वामींची समाधी. मन्मथस्वामी हे लिंगायत परंपरेतले मराठी संतकवी, ‘परमरहस्य’ हा त्यांचा ग्रंथ. कार्तिक पौर्णिमेच्या यात्रेला मराठवाड्यातून, कर्नाटक-तेलंगणातून पायी दिंड्या येतात. पंढरीच्या वारीबद्दल सगळ्यांना माहिती असते, ही दुसरी वारी मात्र मराठवाड्याबाहेर फारशी कुणाला ठाऊक नाही. सहलीच्या दृष्टीने कपिलधारला जायचा काळ ऑगस्ट ते ऑक्टोबर. मार्चनंतर गेलात तर दगडावरची पाण्याची खूण बघून परत यावं लागेल. पावसाळ्यात शेवाळलेल्या दगडांवर आणि धारेच्या खालच्या डोहात जायचा मोह टाळलेला बरा. वर डोंगरात पाऊस झाला की खाली पाणी अचानक वाढतं आणि दरीत उभ्या माणसाला ढग दिसतही नाहीत.

हा काळ सीताफळांचाही. बालाघाटाच्या उघड्या, खडकाळ उतारांवर सीताफळ आपोआप उगवतं. त्याला ना खत लागतं ना पाळत. बीडच्या सीताफळाला भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे. रस्त्याच्या कडेला टोपल्या घेऊन बसलेल्या बायकांकडून घेतलं तर पैसा थेट त्या डोंगरातल्या घरात जातो.

मांजरसुंबा हे चौकाचं गाव. इथून पश्चिमेला पाटोदा आणि जामखेडची वाट फुटते. त्या वाटेवर नायगावचं मयूर अभयारण्य आहे, सौताड्याला विंचरणा नदी खोल दरीत उडी घेते आणि दरीच्या तळाशी रामेश्वराचं मंदिर आहे. डोंगर म्हणून पाहायला ही बाजू जास्त देखणी. पण एका दिवसात पूर्व आणि पश्चिम दोन्ही करायचा हट्ट धरला तर गाडीतच दिवस जातो. सौताडा-नायगाव दुसऱ्या दिवसासाठी ठेवावं आणि आज केजच्या रस्त्याला लागावं.

पठारावरची नवी धाव

या पठारावर गेल्या काही वर्षांत पवनचक्क्यांची रांग उभी राहिली आहे. लांबून त्या छान दिसतात, लोक थांबून फोटोही काढतात. पण गोल्ड रश म्हणजे काय हे आज, चालू वर्तमानकाळात बघायचं असेल, तर ते इथेच. पडीक माळ, ज्याला काल कुणी विचारत नव्हतं, त्याला अचानक भाव आला. कंपन्या आल्या, जमिनीचे करार झाले. जागा देणारा शेतकरी, रस्ता अडवणारा शेजारी, कंत्राट मिळवणारा आणि न मिळालेला, असे गट पडले. २०२४ च्या अखेरीस पवनऊर्जा कंपनीकडे मागितलेल्या खंडणीच्या आरोपांवरून आणि त्यातून झालेल्या एका हत्येवरून केज तालुका राज्यभर गाजला.

सहलीत हे कशाला, असं कुणी म्हणेल. पण स्कॅग्वेचा गाइडही तिथल्या गुंडांच्या टोळीची गोष्ट सांगतोच की. फरक एवढाच, की तिथल्या गोष्टीला सव्वाशे वर्षं झाली आहेत आणि इथली माणसं अजून कोर्टाच्या तारखांना जात आहेत. त्यामुळे इथे गाइडने नावं घेऊन रंगवून सांगण्यापेक्षा वारा, जमीन आणि पैसा यांचं गणित कसं चालतं तेवढं सांगितलं तरी पुरे.

केजच्या दक्षिणेला धनेगावचं मांजरा धरण आहे. धरण बीड जिल्ह्यात, तहान मुख्यतः लातूरची. २०१६ च्या उन्हाळ्यात हे धरण कोरडं पडलं, तेव्हा मिरजेहून रेल्वेने लातूरला पाणी न्यावं लागलं होतं. त्या एप्रिलमधल्या पहिल्या गाडीत पाच लाख लिटर पाणी होतं. सोन्यासाठी डोंगरातून रेल्वे नेल्याचं कौतुक जगाला आहे, मराठवाड्यात रेल्वे पाण्यासाठी धावली.

अंबाजोगाई : तीन नावांचं गाव

दिवसाचा सगळ्यात मोठा मुक्काम इथे असावा. कमीत कमी तीन-चार तास. बहुतेक लोक योगेश्वरीच्या मंदिरातून बाहेर पडून थेट परळीचा रस्ता धरतात आणि मराठवाड्यातलं सगळ्यात श्रीमंत गाव न बघताच जातात. श्रीमंत म्हणजे गोष्टींनी.

यादवांच्या काळात हे आंबे किंवा आम्रपूर. तेराव्या शतकात सिंघण यादवाचा सेनापती खोलेश्वर याचा इथे दबदबा होता. त्याच्या घराण्याचे शिलालेख गावात सापडले आहेत. बाराखांबी म्हणून ओळखलं जाणारं सकलेश्वराचं मंदिर त्याच काळातलं. एका शिलालेखातली हकीकत तर कुणालाही थांबवेल अशी आहे. खोलेश्वराचा मुलगा राम गुजरातच्या मोहिमेवर गेला आणि तिकडेच लढाईत पडला. त्याची बहीण लक्ष्मी हिने भावाच्या स्मरणार्थ इथे रामनारायणाचं मंदिर बांधलं. मोहिमांमधून आलेली दौलत, त्या दौलतीसाठी गेलेला जीव आणि मागे राहिलेल्या बहिणीने उभा केलेला दगड, हे सगळं एका लेखात आहे. गाइडशिवाय मात्र तो फक्त न वाचता येणाऱ्या अक्षरांचा दगड आहे.

शिवलेणी, म्हणजे गावकऱ्यांच्या भाषेत हत्तीखाना, हे खडकात कोरलेलं लेणं आहे. आत अंगणात दगडी हत्ती उभे आहेत. यालाच जोगाईचं माहेर किंवा जोगाईचा मंडपही म्हणतात. लोककथा अशी, की योगेश्वरीचं लग्न परळीच्या वैजनाथाशी ठरलं होतं, पण वऱ्हाडाला पोचायला उशीर झाला, मुहूर्त टळला आणि वऱ्हाड जागच्या जागी दगडाचं झालं. देवी कुमारिकाच राहिली. कोकणातल्या अनेक घराण्यांची कुलदेवता इतक्या दूर बालाघाटात कशी, हे कोडं अभ्यासकांनाही सुटलेलं नाही, पण त्या घराण्यांमुळे या गावात बाराही महिने पाहुणे असतात. मार्गशीर्षातल्या उत्सवात आणि नवरात्रात गाव ओसंडून वाहतं.

गावाबाहेर दरीच्या तोंडाशी मुकुंदराजांची समाधी. शके १११० मधला, म्हणजे ११८८ सालचा ‘विवेकसिंधु’ हा मराठीतला आद्य ग्रंथ मानला जातो आणि तो मुकुंदराजांचा. त्याच्या काळाबद्दल आणि मुकुंदराज मूळचे कुठले याबद्दल वाद आहेत, विदर्भातलं आंभोरा हे गावही त्यांच्यावर हक्क सांगतं. पण दरी पाहायला वादाची अडचण नाही. पावसानंतर इथला हिरवा उतार कपिलधारच्या तोडीचा असतो. दासोपंत इथलेच. सोळाव्या शतकातल्या या कवीने सुमारे चाळीस फूट लांब आणि चार फूट रुंद कापडावर आपलं लेखन केलं, तीच ‘दासोपंतांची पासोडी’.

मग हे गाव मोमिनाबाद झालं. निजामाच्या राज्यात हैदराबाद कंटिंजंटच्या घोडदळाची छावणी इथे होती. छावणी म्हणजे काय, तर रोख पगार घेणारी शेकडो माणसं आणि त्यांचे घोडे. घोड्यांना चंदी आणि गवत लागतं, माणसांना धान्य, कापड, चामडं, दारू लागते. सगळा बाजार त्यांच्या पगाराभोवती गोळा होतो. सोन्याच्या खाणीभोवती वसलेल्या गावाचंही हेच असतं. खाणीत कुणी श्रीमंत होवो न होवो, फावडी आणि पीठ विकणारा श्रीमंत होतो. १९०३ साली कंटिंजंट ब्रिटिश भारतीय सैन्यात विलीन झालं आणि छावणीचे दिवस संपले.

पण इथे अंबाजोगाई कोलारच्या वाटेने गेली नाही. छावणीनंतर इथे शाळा आल्या. स्वामी रामानंद तीर्थ इथल्या योगेश्वरी विद्यालयात मुख्याध्यापक होते, तेच पुढे हैदराबाद मुक्तिसंग्रामाचे नेते झाले. सत्तरच्या दशकात ग्रामीण भागातलं वैद्यकीय महाविद्यालय इथे उभं राहिलं आणि आज त्यांचंच नाव त्या महाविद्यालयाला आहे. आजही गावाची अर्धी वर्दळ रुग्ण आणि विद्यार्थ्यांची असते. घोडदळाच्या जागी शाळा आणि दवाखाना आला, हे या सहलीतलं सगळ्यात महत्त्वाचं वाक्य आहे आणि ते कुठल्याही फलकावर लिहिलेलं नाही.

परळी की धारूर?

दुपार उलटली की निवड करावी लागते. अंबाजोगाईहून परळी पंचवीस किलोमीटरवर, रस्ता घाटाचा. धारूर दुसऱ्या दिशेला.

धारूरचा किल्ला निवडला तर बालाघाटाच्या कड्यावर सूर्य मावळताना पाहता येतो. गंगथडीतून पठारावर येणारी वाट इथून जाते, म्हणून इथे किल्ला. १६३१ च्या सुरुवातीला मुघलांनी तो निजामशाहीकडून घेतला आणि गावाचं नाव फतेहाबाद झालं. ते वर्ष दख्खनच्या भीषण दुष्काळाचं होतं, हे गाइडने आवर्जून सांगावं. किल्ला कुणी जिंकला हे सगळे सांगतात. तेव्हा खालच्या गावात माणसं काय खात होती, हे कुणी सांगत नाही.

परळी निवडली तर वैजनाथाचं दर्शन होतं. मंदिराचा जीर्णोद्धार अहिल्याबाई होळकरांचा. ज्योतिर्लिंग परळीचं की झारखंडमधल्या देवघरचं, हा वाद जुना आहे आणि परळीत उभं राहून तो काढण्यात शहाणपण नाही. श्रावणी सोमवारी आणि महाशिवरात्रीला मात्र एक दिवसाच्या सहलीतून परळी वगळावी, रांगेतच संध्याकाळ होते.

मंदिराच्या पायऱ्यांवरून गावाबाहेरच्या औष्णिक वीज केंद्राचं धुराडं नजरेतून सुटत नाही. १९७१ साली तीस मेगावॉटच्या संचापासून इथे सुरुवात झाली. पुढे मोठे संच आले आणि परळी मराठवाड्याची नोकरीची पेठ झाली. कामगार आले, वसाहत झाली, दुकानं वाढली. पण कोळसा येतो लांबून रेल्वेने आणि पाणी गोदावरी खोऱ्यातून. २०१३ आणि २०१५ साली पाणीच नाही म्हणून अख्खं केंद्र बंद ठेवावं लागलं. जुने संच निवृत्त झाले, आज अडीचशे मेगावॉटचे तीन संच आहेत. जळालेल्या कोळशाची राख विटा आणि सिमेंटसाठी उचलली जाते आणि त्या राखेभोवती ट्रक, कंत्राटं आणि भांडणं असा दुसरा बाजार उभा राहिला आहे. सोनं निघतं ती खाण असो नाहीतर राख निघते ते केंद्र, उचलण्याचा हक्क कुणाचा यावरच भांडण असतं.

गाइड आणायचा कुठून?

इथे प्रामाणिक उत्तर असं, की स्कॅग्वेसारखी तिकीट काढून बसायची गाडी बीडमध्ये नाही. सहल स्वतःच जुळवावी लागते. चार-पाच जण असतील तर भाड्याची जीप, मोठा गट असेल तर प्रासंगिक करारावर एसटी. बीड, मांजरसुंबा, केज, अंबाजोगाई, परळी आणि तेलगाव-वडवणीमार्गे परत बीड असा फेरा साधारण दोनशे किलोमीटरचा होतो. सकाळी साडेसहाला निघालं तर रात्री आठ-नऊपर्यंत परत. सप्टेंबर २०२५ मध्ये अहिल्यानगर-बीड रेल्वे सुरू झाल्यामुळे बीडपर्यंत गाडीने येणंही आता शक्य आहे. अनेक पिढ्यांनी या रेल्वेची फक्त वाट पाहिली होती.

माहितगार माणूस शोधायला सगळ्यात चांगली जागा म्हणजे अंबाजोगाई आणि बीडमधली महाविद्यालयं. इतिहास आणि मराठीचे प्राध्यापक, निवृत्त शिक्षक, शिलालेखांचे नादिष्ट अभ्यासक इथे आहेत. आधी फोन करून, मानधन ठरवून बोलावलं तर ते येतात. ओळखीवर फुकट फिरवून आणण्याची अपेक्षा ठेवू नये. ज्या दिवशी हे काम फुकटचं उरणार नाही, त्या दिवशी एखादा पदवीधर ते धंदा म्हणून करायला धजेल. केंद्राच्या पर्यटन मंत्रालयाने सुरू केलेला ‘इन्क्रेडिबल इंडिया टुरिस्ट फॅसिलिटेटर’ हा ऑनलाइन अभ्यासक्रम अशाच तरुणांसाठी आहे. जिथून दसऱ्यानंतर लाखो माणसं कोयता घेऊन पश्चिम महाराष्ट्र आणि कर्नाटकात जातात, तिथे गाइडच्या चार-दोन नोकऱ्यांनी चित्र पालटणार नाही. पण धबधबे भरलेले असतात आणि सीताफळं पिकलेली असतात तो काळ नेमका गावं रिकामी होण्याच्या आधीचा आहे, हे योगायोग म्हणून सोडून देण्यासारखं नाही.

ऑक्टोबरनंतर ही सहल काढली तर एक काळजी घ्यावी. परतीच्या रस्त्यावर तेलगावला साखर कारखाना आहे आणि हंगामात संध्याकाळनंतर उसाच्या बैलगाड्या, ट्रॅक्टर आणि दुहेरी ट्रॉल्या रस्ता भरून टाकतात. बऱ्याच ट्रॉल्यांना मागे दिवा नसतो. अंधार पडायच्या आत वडवणी गाठावी.